चार खेळांच्या पाट्या

"मुंगीला चष्मा लावला तरी वाचता येणार नाहीत असली अक्षरं! कोण लिहितं ही? आणि कुणासाठी?"

कॉम्प्युटरसमोर बसलेले पेंटर हे स्वतःशीच पुटपुटत होते; पण दोन खोल्यांच्या घरात माणसाला स्वतःशी म्हणून काही बोलता येत नाही. दाराशी त्यांची बायको एक चप्पल पायात आणि एक हातात अशी उभी होती, तिला सगळं ऐकू आलं. तिने न ऐकल्यासारखं केलं. गेल्या पाच महिन्यांत ही कला तिला चांगलीच साधली होती. मग पेंटरांनी हाक मारली:

"बारके, लाव गं जरा."

खिडकीपाशी लॅपटॉपवर नकाशा काढत बसलेली बारकी उठली. नाव बारकी, पण घरात सगळ्यांत उंच तीच. लहानपणी पडलेलं नाव मुलीबरोबर वाढत नाही. तिने वडिलांच्या खांद्यावरून हात घालून माउस दोनदा टकटकवला. पडद्यावर लांबलचक रस्ता उघडला, एक ट्रक घरघरायला लागला आणि पेंटरांची पाठ खुर्चीला टेकली.

"सकाळपासून कितव्यांदा?" आईने दारातून विचारलं.

"मी मोजत नाही," बारकी म्हणाली. म्हणजे मोजत होती.

पेंटर म्हणजे पाट्या रंगवणारे पेंटर. चाळीस वर्षं त्यांनी दुसरं काही केलं नव्हतं. बाजाराच्या रस्त्याने गेलं की निम्म्या दुकानांच्या डोक्यावर त्यांचंच अक्षर. म्हणून त्यांच्या बायकोला सगळे पेंटरीण म्हणत, जरी तिने आयुष्यात ब्रश हातात धरला तो फक्त कॉलरवरचे डाग घासायला. ती कोपऱ्यावरच्या लाँड्रीत काउंटर सांभाळायची.

पाच महिन्यांपूर्वी पेंटरांच्या डोक्यातल्या एका बारीकशा रक्तवाहिनीने संप पुकारला. चार दिवस हॉस्पिटलात काढून ते आपल्या पायांनी घरी आले. हात चालत होते, जीभ तर पहिल्यापेक्षा जास्त चालत होती. उजव्या बाजूचं जरा कमी दिसायचं, त्यामुळे दाराच्या उजव्या चौकटीशी त्यांचं रोज भांडण व्हायचं. एवढंच झालं, असं तिघंही येणाऱ्या-जाणाऱ्यांना सांगत.

एवढंच झालं नव्हतं. हॉस्पिटलच्या व्हरांड्यात डॉक्टरीणबाईंनी मायलेकींना कागदावर मेंदूचं चित्र काढून दाखवलं होतं. "हात लिहील, पण डोळे वाचणार नाहीत. अक्षरं दिसतील, लागणार नाहीत. विचित्र वाटतं, पण होतं असं. सरावाने थोडंफार परत येईल, नाही असं नाही." मायलेकींनी मान डोलावली, तो कागद घरी आणला आणि कपाटात चादरींच्या खाली ठेवून दिला. पेंटरांना त्यांनी काही सांगितलं नाही. पेंटरांनीही त्यांना काही सांगितलं नाही. ज्याचं त्याला कळलं होतं, आणि प्रत्येक जण ताकाला जाऊन भांडं लपवत होता.

मधे एकदा पेंटरांनी दूध संपल्याची चिठ्ठी लिहून टेबलावर ठेवली, मोत्यासारख्या अक्षरात. तासाभराने तीच चिठ्ठी उचलून, उलटसुलट करून ते बायकोला म्हणाले, "कुणाची गं ही चिठ्ठी? चष्मा सापडेना म्हणून विचारतो." चष्मा त्यांच्या नाकावर होता. ती म्हणाली, "दूध संपलंय म्हणतात." कोण म्हणतं, ते तिनेही सांगितलं नाही.

मग चष्मा बदलला. तोही नीट नाही म्हणून पुन्हा बदलला. तिसऱ्या वेळी चष्मेवाला म्हणाला, "काका, तुमच्या डोळ्यांपुढे माझे डोळे फिके आहेत," तर पेंटर घरी येऊन म्हणाले, "त्याला धंदाच कळत नाही." घरात आता तीन चष्मे होते आणि एकाचाही काही दोष नव्हता.

कॉम्प्युटर बारकीचा जुना. हाताला आणि डोक्याला चाळा म्हणून तिने त्यात चार खेळ घालून दिले होते: एक ट्रक चालवायचा, एक पत्त्यांचा, एक चित्राचे तुकडे जुळवायचा, एक मासे पकडायचा. ट्रकवर पेंटरांचा भारी जीव. आता स्कूटर बंद झाली होती. ट्रकमध्ये मात्र ते डोंगर ओलांडून माल पोचवून येत. तिथे वाचायचं काही नसे, रस्ता दाखवायला बाण असत. अडचण ट्रकच्या अलीकडे होती. खेळ लावायला आधी एक यादी उघडायची, त्यात बारीक अक्षरांत पंचवीस नावं, त्यातून आपलं शोधायचं. म्हणून दिवसातून दहादा, "बारके, लाव गं जरा."

आणि बारकीला पत्र आलं होतं. ती ज्या कार्यालयासाठी घरी बसून नकाशे काढायची, त्याच्या मुख्य कचेरीत तिला जागा मिळत होती. गाडीने सहा तासांवर. उत्तर शुक्रवारी संध्याकाळी पाचपर्यंत कळवायचं होतं.

त्या बुधवारी दुसरी चप्पल पायात घालता घालता पेंटरिणीने विचारलं, "काय कळवणार आहेस मग?"

"नाही म्हणून."

"का गं?"

"इथलं काम बरं आहे. आणि तिकडची हवा मला मानवत नाही."

"तू तिकडे गेली होतीस कधी?"

"ऐकून आहे."

आतून ट्रकचा भोंगा वाजला. दोघींनी तिकडे पाहिलं आणि लगेच नजर काढून घेतली. पेंटरिणीला एकदम स्वच्छ दिसलं: मुलगी हवेसाठी अडलेली नाही. ती त्या यादीसाठी अडली आहे. पंचवीस नावांच्या एका टिचभर यादीवरून ही पोर आपलं आख्खं आयुष्य ओवाळून टाकायला निघाली आहे, आणि वर हसतेही आहे.

"शुक्रवारी पाचला ना? मग पाचलाच कळव. पावणेपाचला नको," पेंटरीण म्हणाली. "तोवर तुझे बाबा आपला खेळ आपण लावतील."

"कसे?"

"ती यादीच मधे नको. उघडल्या उघडल्या खेळ समोर पाहिजेत. तुझ्या लॅपटॉपवर असतात ना, तसे चौकोन चौकोन."

"शॉर्टकट म्हणतात त्याला. मी करून देते."

"तू नाही. मी करणार. उद्या बिघडलं तर तू इथे असणार आहेस का?"

"आई, तुला कॉम्प्युटर सुरू तरी करता येतो का?"

"बटण असेलच की कुठेतरी. माणसाला नसतं, यंत्राला असतं."

*

संध्याकाळी पेंटर पाय मोकळे करायला गेले तशी पेंटरीण बाह्या सरसावून खुर्चीत बसली. बारकी तिच्या जागेवरूनच सांगत होती, नकाशावरून मान वर न करता.

"खेळाच्या फोल्डरमध्ये जा. खेळाच्या फाइलवर राइट क्लिक. मग 'शो मोअर ऑप्शन्स'. मग 'सेंड टू'. मग 'डेस्कटॉप'."

"एवढी वळणं? आणि नाव शॉर्टकट?"

"एकदाच करायचं असतं, आई."

"तू तिथून उंटावरून शेळ्या हाकतेस, इथे शेळ्या माझ्या हातात आहेत."

तिसऱ्या वळणावर पेंटरीण चुकली. मग तिने पाहिलं, की ती फाइल माउसने धरली तर सरळ हातात येते. एवढं सोपं असताना लोक वळसे का घालतात देव जाणे. तिने ट्रकची फाइल धरली, ओढली आणि उचलून बाहेर डेस्कटॉपवर आणून ठेवली. मधे कॉम्प्युटरने परवानगी मागितली. कुणी इतकं अदबीने विचारलं तर नाही म्हणायचा तिचा स्वभाव नव्हता. तिने हो म्हटलं.

"झालं!" ती म्हणाली. "तुझे राइट-लेफ्ट तुलाच लखलाभ."

पेंटर परत आले. बायकोने ऐटीत दाखवलेल्या चौकोनावर त्यांनी दोनदा टकटकवलं. ट्रक आला नाही. एक करडी पाटी आली, तिच्यावर लाल फुली.

"माझा ट्रक?" पेंटर म्हणाले. "अगं, माझा ट्रक काय केलास?"

"काही नाही हो, फक्त बाहेर काढला."

"गॅरेजमधून ट्रक काढायचा तर इंजिनासकट काढतात!"

बारकी धावली. पाहिलं आणि कपाळावर हात मारला. "आई, तू खेळाची फाइलच उचलून आणलीस. त्याचं बाकीचं सगळं सामान आत राहिलंय. आपल्याला फाइल आणायची नव्हती, तिच्याकडे नेणारी खूण आणायची होती."

"म्हणजे?"

बारकी जरा घुटमळली. मग तिला आईची लाँड्री आठवली. "हे बघ. गिऱ्हाइकाचा कोट तुमच्याकडे आत टांगलेला असतो. गिऱ्हाइकाच्या खिशात काय असतं?"

"टोकन."

"टोकन दाखवलं की कोट मिळतो. शॉर्टकट म्हणजे टोकन. तू कोटच काउंटरवर आणून ठेवलास, आणि तोही एक बाही आत हँगरला अडकलेली असताना."

पेंटरिणीचा चेहरा उजळला. "अगं मग हे आधी सांगायचं! मघापासून राइट क्लिक, राइट क्लिक. आणि टोकन हरवलं तर कोट जातो का?"

"नाही. कोट आतच. दुसरं टोकन करायचं."

"एवढंच ना? हे तर मी वीस वर्षं करते आहे."

मग तिने कोट आत नेऊन ठेवला आणि एकापाठोपाठ एक चार टोकनं केली. दोन जास्त झाली, ती खोडली, आणि खोडताना खेळाला धक्का लागला नाही याची दोनदा खात्री करून घेतली. बारकीला तिने जागेवरून हलू दिलं नाही.

गुरुवारी सकाळी कामावर जायच्या आधी तिने टोकनांना नावं दिली. कंपनीची लांबलचक नावं काढून टाकली आणि लिहिलं: ट्रक. पत्ते. कोडं. मासे. चौकोन जेवढे मोठे करता येतात तेवढे केले, अक्षरं त्याहून मोठी. पडद्यावरची कचऱ्याची टोपली तेवढी वरच्या कोपऱ्यातून हलायला तयार नव्हती. तिच्याखाली डाव्या कडेला चारही एकाखाली एक. डाव्या कडेला का, ते तिने सांगितलं नाही आणि पेंटरांनी विचारलं नाही. चारही खेळ एकाच कंपनीचे, त्यामुळे चौघांच्या अंगावर तोच निळा चौकोन आणि आत कंपनीचं आद्याक्षर. एका शाळेच्या गणवेशातली चार पोरं. पण खाली नावं होती ना, एवढी टपोरी!

पेंटरांच्या घरात हा मोठाच घोळ होता. चाळीस वर्षं त्या घरात एकच औषध माहीत होतं: पाटी दिसत नाही? अक्षर मोठं करा. आताही सगळे तेच करत होते.

"बघा," ती म्हणाली. "टोपलीखाली पहिला ट्रक. मग पत्ते, मग कोडं, मग मासे."

पेंटरांनी चष्मा सारखा केला, पडद्यापाशी वाकले, ओठ हलवले. मग टोपलीखालच्या पहिल्यावर टकटकवलं. ट्रक घरघरला.

"आता पत्ते."

दुसऱ्यावर टकटक. पत्ते आले.

बारकी जागेवरून उठून बघायला आली होती. आईने तिच्याकडे नुसतं पाहिलं. त्या पाहण्यात इतकं होतं, की बारकी हसून म्हणाली, "बरं. बघू या संध्याकाळपर्यंत."

संध्याकाळपर्यंत हाक आली नाही. एकदाही नाही. लाँड्रीतून आलेल्या आईला बारकीने दारातच सांगितलं, "अख्ख्या दिवसात हाक नाही. मला चुकल्याचुकल्यासारखं झालं." पेंटर आतून ओरडले, "तीन डोंगर ओलांडले आज!" त्या संध्याकाळी बारकीने ते पत्र पुन्हा उघडून वाचलं, आणि आईने ती ते वाचताना पाहिलं.

*

सुखात असलेल्या माणसाने हात स्वस्थ ठेवावेत. पेंटरिणीला ते येत नसे. लाँड्रीत नावाच्या क्रमाने गठ्ठे लावायची सवय. शुक्रवारी सकाळी ती सहज डेस्कटॉप नीट करायला बसली. मोकळ्या जागेवर राइट क्लिक केलं तर 'सॉर्ट बाय' असं काहीतरी दिसलं, पुढे 'नेम'. आता तिला राइट क्लिकची भीती राहिली नव्हती, आणि तोच तर धोका असतो. चौकोन डोळ्यांदेखत सरसर हलले आणि शहाण्यासारखे रांगेत बसले. वा, ती म्हणाली, आणि चहा टाकायला उठली.

पेंटर येऊन बसले. टोपलीखालच्या पहिल्यावर टकटकवलं.

एका मांजराचे पाचशे तुकडे पडदाभर पसरले.

बारकीने मान वर केली. तुकडे जुळवायचा खेळ पेंटरांना मनापासून नावडायचा. सबंध मांजराचे कुणी आधी तुकडे करायचे आणि मग आपण जुळवत बसायचे, हा काय खेळ झाला, असं ते म्हणत. आता ते पडद्याकडे पाहत राहिले. मग म्हणाले, "हां. आज म्हटलं कोडंच सोडवावं."

"कोडं?" पेंटरिणीने किटली ठेवली. "तुम्ही?"

"का? मी सोडवू नये असं कुठे लिहिलंय?"

कुठे लिहिलंय, हे ऐकून बारकीने मान पुन्हा नकाशात घातली. पेंटरांनी पाऊण तास मांजराचा एक कान जुळवला. मग त्यांनी खेळ बंद केला, बराच वेळ चौकोनांकडे पाहिलं, आणि दुसऱ्यावर टकटकवलं. ट्रक आला. त्यांचे खांदे खाली आले, आणि ते स्वतःशीच म्हणाले, "पत्त्यांचा कंटाळा आला होता तसाही."

आता मायलेकींना कळलं. काल ते नावं वाचत नव्हते. टोपलीपासून मोजत होते.

बारकी स्वयंपाकघरात आली आणि अगदी हळू म्हणाली, "आई, मी दुपारी कळवून टाकते. राहू दे."

"चहा घे."

"आई."

"पाच वाजायला सात तास आहेत. चहा घे म्हटलं ना."

पेंटरिणीने चहाचा कप हातात धरून विचार केला, आणि कप गार झाला तरी करत राहिली. अक्षर मोठं करून आता पुढे जागा नव्हती. मोठं अक्षर ज्याला लागत नाही, त्याला आणखी मोठं काय कामाचं? तिच्या डोळ्यांसमोर बाजारातली चांभाराची पाटी आली. तिच्यावर नाव होतं, पण नावाच्या आधी एक बूट होता, असा की पाऊल घालावंसं वाटे. चांभार म्हणाला होता, "पेंटर, बूट कशाला? नाव पुरे." तर पेंटर शिडीवरूनच म्हणाले होते, "पाटीवर चित्र आधी. वाचता येणारा नाव वाचेल, न येणारा चित्र बघेल, आणि पाय दोघांनाही आहेत." केशकर्तनालयाला कात्री, कुलपांच्या दुकानाला किल्ली, दाताच्या डॉक्टरला एक हसरी दाढ. गावात कित्येक माणसं अशी होती, की ज्यांनी चाळीस वर्षं एक अक्षर न वाचता बाजार केला, आणि पेंटरांमुळे कधी चुकीच्या दारात शिरली नाहीत.

ती उठली, लाँड्रीच्या मालकांना फोन केला आणि आज येत नाही म्हणून सांगितलं. वीस वर्षांत हे तिसऱ्यांदा. मग कपाटावरून रंगांची पेटी खाली काढली. पाच महिने तिच्यावर धूळ बसली होती. तिने ती पेंटरांच्या पुढ्यात ठेवली, वर पुठ्ठ्याचे चार चौकोनी तुकडे.

"पाट्या हव्यात. चार. लहान."

पेंटरांनी पेटीकडे पाहिलं, तिच्याकडे पाहिलं. त्यांचा आवाज एकदम धंद्याचा झाला. "कशाच्या?"

"ट्रक. पत्ते. कोडं. मासे."

"गिऱ्हाईक कोण?"

पंखा फिरत होता. बारकी दारात उभी होती.

"आहे एक," पेंटरीण म्हणाली. "कटकट्या आहे. पण माणूस चांगला आहे."

"घाईचं काम आहे?"

"पाचच्या आत पाहिजे."

"घाईचं काम मी घेत नाही," पेंटर म्हणाले आणि पेटी उघडली. टर्पेंटाइनचा वास खोलीभर झाला. त्यांनी ब्रशांवरून बोट फिरवलं, खारीच्या केसांचा सगळ्यांत बारीक ब्रश काढला, केस ओठांत धरून टोक केलं. "अक्षरं?" त्यांनी विचारलं, तिच्याकडे न बघता.

"नकोत. नाव कॉम्प्युटर आपोआप खाली घालतो."

"मग नुसतं चित्र." त्यांनी पहिला पुठ्ठा पुढ्यात ओढला. "नुसत्या चित्राचं काम अवघड असतं. चुकायची सोय नसते."

पहिल्या दोन रेघा त्यांनी पुसून टाकल्या. तिसऱ्या रेघेला हाताला आपलं घर आठवलं. ट्रक समोरून काढला होता, रुंद जबडा आणि दोन डोळे, आताच पुठ्ठ्यावरून उतरून अंगावर येईल असा. पत्त्यांसाठी एकच बदामाचा एक्का, जरा तिरका. कोड्यासाठी एक सुटा तुकडा, त्याला मांजराचा कान. आणि गळाला लागलेला मासा, जो पकडला गेल्यापेक्षा चिडलेला जास्त दिसत होता.

"हा कुणासारखा दिसतो?" बारकीने हसून विचारलं.

"चष्मेवाल्यासारखा," पेंटर म्हणाले.

दोन वाजून गेले होते. रंग सुकायला पंखा मोठा केला. पेंटर जेवून जरा आडवे झाले. बारकीने चित्रांचे फोटो काढले; पण कॉम्प्युटरला नुसता फोटो चालत नव्हता, त्याचा खास आयकॉन करावा लागतो. तेवढं काम पेंटरिणीने तिला करू दिलं. पुढचं मात्र माझं, म्हणाली.

"टोकनावर राइट क्लिक," बारकी सांगायला लागली.

"मग 'प्रॉपर्टीज'. मग 'चेंज आयकॉन'. मग शोधून निवडायचं. काल नावं बदलताना सगळं बघून ठेवलंय मी, तू तुझ्या नकाशाकडे बघ."

पाच वाजायला चाळीस मिनिटं होती. पेंटरीण घाईत होती आणि भलत्याच आनंदात होती. टोपलीखालचा पहिला, त्याला ट्रक. दुसऱ्याला एक्का. तिसऱ्याला कान. चौथ्याला मासा. निळे गणवेश एकेक करून उतरले आणि तिथे तिच्या नवऱ्याचा हात दिसायला लागला, कडेला रंग जरा ओघळलेला, तरी त्याचाच. चित्रं इतकी देखणी होती की खाली बघावं असं तिच्या मनातच आलं नाही.

"अहो, उठा. पाट्या लागल्या."

पेंटर आले. येताना उजव्या चौकटीला खांदा लागला, तिला दोन शब्द सुनावून खुर्चीत बसले. पडद्याकडे पाहिलं आणि पाहतच राहिले. शिडीवरून उतरून, रस्त्याच्या पलीकडे जाऊन ते आपली पाटी पाहायचे तसं. बारकी लॅपटॉप उघडा टाकून त्यांच्या मागे येऊन उभी राहिली. त्यावर तिचं उत्तर अर्धं लिहिलेलं होतं. हो का नाही, ते लिहायचं तेवढं बाकी होतं.

पेंटरांनी माउस नेला. ओठ हलवले नाहीत, मोजलं नाही, वाकले नाहीत. सरळ ट्रकवर टकटकवलं.

मांजराचे पाचशे तुकडे पडदाभर पसरले.

बारकीने डोळे मिटून घेतले. मग ती वाकली आणि वडिलांच्या खांद्यावर हात ठेवून अगदी सहज, अगदी गोड आवाजात म्हणाली, "सकाळचं मांजर अर्धं राहिलं होतं ना, बाबा? बरं केलंत."

"हो ना," पेंटरीण लगेच म्हणाली. "आणि या उजेडात पडदा चमकतोही. तो दुसरा चष्मा देऊ का?"

पेंटर हलले नाहीत. खेळ बंद करून त्यांनी पुन्हा त्या चौकोनांकडे पाहिलं. ट्रकवर बोट ठेवलं. आता माउस नव्हता, नुसतं बोट, काचेवर.

"हे काय आहे?"

"ट्रक," बारकी म्हणाली.

"नक्की ट्रक? की मला ट्रक काढता आला नाही?"

"नक्की ट्रक, बाबा. कुणीही सांगेल."

"मी ट्रकवर दाबलं. मला मांजर नको होतं. सकाळीही नको होतं." ते बायकोकडे वळले. "पाटी मी रंगवली. चाळीस वर्षांत माझी पाटी बघून कुणी चुकीच्या दुकानात शिरलेलं नाही. पाटी बरोबर आहे. लावणाऱ्याने भलत्या दुकानावर लावली आहे."

पेंटरीण पुढे झाली. तिने पहिल्यांदा चित्राच्या खाली पाहिलं, आणि तिला सकाळचं 'सॉर्ट बाय नेम' आठवलं. टोपलीखालचा पहिला आता ट्रक नव्हता. जिला वाचता येत होतं तिनेही वाचलं नव्हतं. तीही मोजतच गेली होती.

"अहो, माझं चुकलं," ती म्हणाली. "मी खाली..."

"तू खाली बघितलं नाहीस. मी बघितलं." पेंटरांनी चष्मा काढला, मिटला आणि टेबलावर बाकीच्या दोघांच्या शेजारी ठेवला. "हे तिन्ही चांगले आहेत. त्या चष्मेवाल्याला मी उगाच नावं ठेवली." त्यांनी काचेवरचं बोट जरा खाली सरकवलं, चित्राखालच्या त्या टपोऱ्या अक्षरांवर आणलं. "बारके, इथे काय लिहिलंय ते मोठ्याने सांग. म्हणजे आई पाटी नीट लावेल. आणि मग जाऊन त्या लोकांना हो म्हणून कळव, पाच वाजत आले. मला ट्रक ओळखता येतो, तेवढं पुरेल. मला वाचता येत नाही."